नावाला आधी गाव विचारा : नावांचे अर्थ शोधायला बसणाऱ्यांसाठी

पुण्यात नवं माणूस भेटलं की पहिला प्रश्न नावाचा आणि दुसरा लगेच, "मूळचे कुठले तुम्ही?" आडनाव ऐकूनही समाधान झालं नाही तर तिसरा येतोच, "म्हणजे वाईकडचे का?" बाहेरून आलेल्यांना ही सवय भोचक वाटते. पण नावांचे अर्थ शोधायचे असतील तर हीच सवय नावांना लावायची आहे. नावाला आधी गाव विचारायचं, अर्थ नंतर. गाव म्हणजे भाषा : नाव कुठल्या भाषेतून निघालं, वाटेत कुठे मुक्काम केला, आपल्या घरात कुणाचं बोट धरून आलं. बहुतेक लोक उलटं करतात. नाव कानाला गोड लागतं, फोनवर शोधतात, "अर्थ : देवाची देणगी" असं दिसतं आणि बारशाची पत्रिका छापायला जाते.

मी मुद्रितशोधनाचं काम करते. कोश हाताशी असतात, म्हणून नात्यातले, सोसायटीतले आणि त्यांच्या ओळखीचे लोक नावं घेऊन येतात. बहुतेकांची गाडी त्याच चार-पाच ठिकाणी अडते. तेव्हा एकदाच सगळं लिहून ठेवते.

१. नाव देवनागरीत लिहून काढा

निरोप येतो तो रोमन लिपीत. त्या लिपीत ‘कला’ आणि ‘काळा’ जुळे भाऊ दिसतात. ल की ळ, न की ण, त की ट, श की ष, सगळं ती गिळून टाकते. म्हणून नाव ज्याचं आहे त्याच्या तोंडून ऐका आणि देवनागरीत उतरवा.

इथेच एक जुना खड्डा आहे. पुण्यात ‘ऋषिकेश’ गल्लोगल्ली भेटतात आणि अर्थ विचारला की ऋषी आणि केस अशी जोडी सांगतात. मूळ नाव हृषीकेश. ‘हृषीक’ म्हणजे इंद्रिय, त्यांचा ईश तो हृषीकेश, अर्थात विष्णू किंवा कृष्ण. हृषी आणि केश अशी फोड करून ‘ज्याचे केस ताठ उभे आहेत तो’ असाही अर्थ जुने टीकाकार सांगतात. ऋषी मात्र कुठेच नाहीत. (म्हणून कुणी ऋषिकेशने आधार कार्ड बदलायला धावू नये. रूढ झालेलं नाव हेही नावच.)

परदेशी नाव असेल तर त्याच्या घरी त्याचा उच्चार काय होतो तो लिहा. ‘तान्या’ हे रशियन घरात तात्यानाचं लाडकं रूप आहे, आणि आपल्याकडे तानाजीला हाक मारायचं. कागदावर दोन्ही अगदी सारखी.

२. कोश उघडायच्या आधी आजीला विचारा

ही पायरी लोक गाळतात, आणि खरी माहिती इथेच असते. शब्दाचा अर्थ कोशात मिळेल, पण नाव का ठेवलं ते घरातलं माणूसच सांगेल. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत.

दगडू, धोंडू, कचरू, केरू, भिकाजी ही नावं घ्या. शब्दशः अर्थ लावला तर आईबापांना मूल नकोसं होतं असं वाटेल. प्रत्यक्षात उलट होतं. आधीची मुलं दगावलेली असायची, हे तरी जगावं म्हणून दृष्ट लागू नये असं नाव ठेवायचे. काळाने बघितलं तरी ‘हा तर दगड’ म्हणून पुढे जावं. या शहरातला सगळ्यात प्रसिद्ध गणपती एका दगडूशेठच्या नावाने ओळखला जातो, यात मला तरी मौज वाटते. त्याच माळेतलं दिसणारं ‘नकुशी’ मात्र वेगळं. तिथे शब्द आणि हेतू एकच होता : मुलगी नको होती. २०११ साली सातारा जिल्ह्यात प्रशासनाने अशा अडीचशेहून जास्त मुलींची नावं समारंभाने बदलली. धोंडू आणि नकुशी कोशात शेजारी बसतील. घरातली गोष्ट कळल्याशिवाय त्यांतला फरक कळणार नाही.

आजीला आणखी तीन गोष्टी विचारा.

पाळण्यातलं नाव कोणतं होतं? लोकमान्यांचं नाव केशव. घरात ‘बाळ’ म्हणायचे, तेच इतिहासात गेलं. ‘बाळ’ या शब्दाचा अर्थ लावून टिळकांच्या नावाबद्दल काही सांगू गेलात तर फसाल.

लग्नाआधीचं नाव कोणतं? तांदळाच्या ताटात नवं नाव लिहायची रीत असल्यामुळे जुन्या घरांतल्या बायकांची नावं दोन असतात. डॉक्टर झालेल्या आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना. वंशावळ जुळवताना यमुना आणि आनंदी या दोन वेगळ्या बायका समजणारे महाभाग मी पाहिले आहेत.

आणि कुठल्या देवाचं, कुठल्या अक्षराचं? शिवनेरीवरच्या शिवाईवरून शिवाजी हे नाव ठेवलं असं परंपरा सांगते. जन्मदिवशी जोतिबाची यात्रा होती म्हणून जोतीराव, असं फुल्यांच्या नावाबद्दल सांगतात. जेजुरीच्या पंचक्रोशीत खंडू, मल्हारी, म्हाळसा सापडले तर नवल नाही. काही घरांत नक्षत्राच्या चरणावरून अक्षर काढतात : सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, एकूण १०८ अक्षरं. अश्विनीला चू, चे, चो, ला. त्या यादीत ङ, ञ आणि ण सुद्धा आहेत, आणि आर्द्रेच्या तिसऱ्या चरणावर जन्मलेल्या बाळाच्या वडिलांचा चेहरा बघण्यासारखा होतो. मग जन्मनाव पत्रिकेत राहतं आणि व्यवहाराला दुसरंच. अशा वेळी नावाचा अर्थ दुय्यम, अक्षर मुख्य होतं, हे लक्षात ठेवायचं.

३. शेपट्या सोडवा, मग भाषा ओळखा

मराठी नावांना शेवटी काही ना काही चिकटलेलं असतं : जी, बा, राव, पंत, बाई. हे आधी बाजूला काढा. ‘राव’ राजन् या शब्दाकडे जातो, ‘पंत’ पंडिताकडे. अण्णा, अप्पा, अक्का मात्र कानडी : थोरला भाऊ, वडील, थोरली बहीण. चिमाजी अप्पांच्या नावाला पेशव्यांच्या वाड्यात कानडी शेपूट होतं, आणि कुणाला ते परकं वाटत नव्हतं.

आता उरलेला गाभा. एकच नाव आपल्याकडे तीन वयांचं सापडतं. कृष्णाजी हे पोथीतलं, सरळ संस्कृत. किसन हे जिभेवर रुळलेलं. आणि कान्होजी सगळ्यांत लांबून आलेलं, प्राकृतातल्या ‘कण्ह’ या रूपातून. तिघांचा अर्थ एकच, काळासावळा. तसंच यशवंताचा येसाजी, लक्ष्मणाचा लखुजी, रुक्मिणीची रखमा, द्रौपदीची दुरपदा. ही रूपं ‘अपभ्रष्ट’ म्हणून नाक मुरडू नका. संस्कृत नाव नुसतं पुस्तकातून उचललेलं असू शकतं. रखमा मात्र पिढ्यान्‌पिढ्या तोंडातोंडी घासत आली आहे.

आणि मग फारसी-अरबी. इथे पुणेकरांची हमखास विकेट पडते. शिवकाळातली नावं म्हणजे शुद्ध देशी, असं गृहीत धरलेलं असतं. दौलतराव बघा : अरबी दौलत, तिला जोडून आपला राव. हैबतराव : हैबत म्हणजे दरारा, धाक, हाही अरबी. माउलींच्या पालखीला आजचं शिस्तीचं रूप देणारे हैबतबाबा आरफळकर, त्यांचं नाव हे. फत्तेसिंह : अरबी फतह आणि संस्कृत सिंह एका दावणीला. चाकणचा किल्ला १६६० मध्ये शाएस्तेखानाविरुद्ध लढवणारा फिरंगोजी नरसाळा. फिरंग म्हणजे युरोपी पात्याची तलवार, आणि फिरंगी हा शब्द थेट युरोपातल्या फ्रँक लोकांपर्यंत जातो. शहाजी आणि शरीफजी ही भावांची नावं अहमदनगरच्या शाह शरीफ या पिरावरून ठेवली, असं परंपरा सांगते. हंसाजी मोहित्यांचा किताब हंबीरराव. यातला हम्मीर म्हणजे ‘अमीर’ या शब्दाने संस्कृत शिलालेखांत धारण केलेला वेष. आणि गुलाबराव! गुल म्हणजे फूल, आब म्हणजे पाणी. म्हणजे मूळ अर्थ गुलाबपाणी. गावच्या पाटलाला हे सांगायचं की नाही ते तुम्ही ठरवा.

परकी माणसं इथली नावं घेतात तेही जुनंच आहे. मावळात कार्ल्याच्या लेण्यात खांबांवर दान देणाऱ्यांची नावं कोरली आहेत. त्यांत धेनुकाकट गावचे ‘यवन’, म्हणजे ग्रीक, आहेत, आणि नावं वाचली तर ‘सिहधय’ असं चांगलं प्राकृत. पुढे-मागे लोणावळ्याला गेलात तर चिक्की घ्यायच्या आधी ते खांब बघून या.

४. संस्कृत नाव असेल तर मोडून बघा

व्याकरण शिकायची गरज नाही. चार युक्त्या पुरतात.

पहिली : शेवटी ‘एश’ किंवा ‘ईश’ आहे का? मग तो ईश, स्वामी. रमा आणि ईश मिळून रमेश, सुर आणि ईश सुरेश, गिरि आणि ईश गिरीश. राकेश म्हणजे राकेचा ईश. राका म्हणजे पौर्णिमेची रात्र, म्हणून राकेश चंद्र.

दुसरी : शेवटी ‘ज’ किंवा ‘जा’ म्हणजे जन्मलेलं. गिरिजा, नीरजा, पंकज. मनोज म्हणजे मनात जन्मलेला, म्हणजे कामदेव. आपल्या ओळखीचे सगळे मनोज डोळ्यांसमोर आणून बघा.

तिसरी : ‘दा’ म्हणजे देणारी. वरदा, सुखदा, यशोदा. पण शारदा त्यात नाही. ती शरद् ऋतूवरून आलेली, आणि तिच्यासाठी चौथी युक्ती लागते.

ही चौथी युक्तीच खरी कामाची. नावाच्या पहिल्या अक्षरात आ, ऐ किंवा औ असेल तर थांबा. संस्कृतात ‘त्याचा, तिचा, तिथला’ असं सांगायचं असलं की पहिला स्वर फुगवतात. वसुदेवाचा मुलगा वासुदेव. जनकाची जानकी, विदेहची वैदेही, द्रुपदाची द्रौपदी, पर्वताची पार्वती. रघूच्या कुळातला राघव, पृथेचा पार्थ, अदितीचा आदित्य. सुरभि म्हणजे सुगंधी, त्यावरून सौरभ. विभवावरून वैभव. एकदा ही खूण कळली की शेकडो नावं आपोआप उलगडतात, आणि ‘कौशिक म्हणजे काय’ असं कुणी विचारलं की तुम्ही लगेच म्हणता, कुशिकाच्या कुळातला. (कोशात कौशिक म्हणजे घुबड असाही अर्थ आहे. तो बारशाला सांगू नये.) सावधान, प्रत्येक ‘आ’ असा नसतो. आनंदातला आ उपसर्ग आहे.

गंमत म्हणजे संस्कृत व्याकरणकार पतंजलीला अशी नावं पसंत नव्हती. व्याकरण कशाला शिकायचं याची कारणं देताना महाभाष्याच्या सुरुवातीलाच तो याज्ञिकांचा नियम सांगतो : दहाव्या दिवसानंतर मुलाचं नाव ठेवावं, पहिलं व्यंजन घोष असावं, म्हणजे ग, ज, द, ब अशांपैकी, मध्ये य, र, ल, व यांतलं काहीतरी यावं, दोन किंवा चार अक्षरी असावं, पूर्वजांत चालत आलेलं असावं, शत्रूकडे रूढ नसावं, आणि पहिला स्वर फुगलेला नसावा. याला चपखल बसतो तो देवदत्त, व्याकरणकारांचा लाडका नमुना माणूस. आपले सौरभ, वैभव आणि आदित्य नापास. एका पिढीतल्या पुणेरी वर्गाचा हजेरीपट निम्मा रिकामा होईल.

फोड झाली तरी अर्थ संपत नाही, कारण काही नावांमागे गोष्ट असते. अपर्णा म्हणजे पान नसलेली. शंकरासाठी तप करताना पार्वतीने झाडाची गळालेली पानं खाणंही सोडलं, म्हणून. गोष्ट काढून घेतली तर उरतं ते शिशिरातलं झाड. सीता म्हणजे नांगराची तास. रुद्र हे नाव सध्या जोरात आहे. शतपथ ब्राह्मणात त्याची व्युत्पत्ती ‘रडला म्हणून रुद्र’ अशी सांगितली आहे. रुद्रची आई रात्री तीनला जागी असेल तर तिला हे नक्की पटेल. अनिकेत म्हणजे ज्याला घर नाही तो. गीतेत भक्ताचं लक्षण म्हणून हा शब्द येतो. सध्याचे फ्लॅटचे भाव बघता हे नाव पुण्यात पुष्कळांना शोभतं. मुग्धा म्हणजे भोळी, मोहून गेलेली. ‘मुह्’ या ज्या धातूवरून ती निघाली त्याच धातूवरून ‘मूढ’ही निघाला. असे अर्थ कळले म्हणून नाव वाईट ठरत नाही. शुनःशेप, शुनःपुच्छ आणि शुनोलांगूल अशी एका ऋषीच्या तीन मुलांची नावं होती, तिन्हींत कुत्र्याची शेपटी आहे, आणि त्यातल्या शुनःशेपाच्या नावावर ऋग्वेदात सूक्तं आहेत.

५. कुठला कोश उघडायचा

संस्कृत नावाला आपट्यांचा कोश पुरे. वामन शिवराम आपटे फर्ग्युसनचे प्राचार्य, कोश १८९०चा. अप्पा बळवंत चौकात सहज मिळतो. शंका उरली तर मोनिअर-विल्यम्स. मराठी रूपांना मोल्सवर्थ (दुसरी आवृत्ती १८५७) आणि दाते-कर्वे यांचा ‘महाराष्ट्र शब्दकोश’. हे दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट शोधता येतात. फारसी-अरबी वास आला की माधवराव पटवर्धनांचा ‘फार्शी-मराठी कोश’, १९२५चा. पुराणातलं पात्र असेल तर सिद्धेश्वरशास्त्री चित्रावांचा प्राचीन चरित्रकोश. इतिहासाचार्य राजवाड्यांनी नावांच्या व्युत्पत्तीचा कोशच करून ठेवला आहे. वाचायला धमाल आहे, फक्त जे ते नाव संस्कृताच्या दारात नेऊन सोडायचा त्यांचा ओढा ध्यानात ठेवून वाचा.

डेक्कन कॉलेजात संस्कृतचा ऐतिहासिक कोश १९४८पासून चालू आहे. दशकामागून दशकं ‘अ’ या अक्षराचेच खंड निघत राहिले. तेव्हा तुमचं नाव अवनी किंवा अनिकेत असेल तर नशीबवान. क्षितिजाने वाट बघावी.

कोशात नाव सापडलं नाही तर? मग तसं सांगायचं. ‘अद्विक’ घ्या. याद्यांमध्ये अर्थ ‘अद्वितीय’ असा दिलेला असतो. अद्वय आहे, अद्वैत आहे, अद्वितीय आहे. अद्विक मात्र जुन्या कोशांत मला कधी भेटला नाही. ते अलीकडे घडवलेलं नाव आहे. नवं नाव घडवण्यात पाप नाही. त्याला वेदांतलं म्हणू नये, एवढंच.

६. नाव परदेशी असेल तर त्याचे भाऊबंद शोधा

एक नाव देशोदेशी वेष बदलून फिरतं. योहानान हे हिब्रू नाव, अर्थ साधारण ‘परमेश्वराने कृपा केली’. ग्रीकांनी त्याला इओआनेस केलं, लॅटिनात योहानेस झालं. पुढे इंग्रजांकडे जॉन, जर्मनांकडे हान्स, फ्रेंचांकडे जाँ, स्पेनमध्ये हुआन, इटलीत जोव्हान्नी, रशियात इव्हान, स्कॉटलंडात इयन, आयर्लंडात शॉन. अरबीत याह्या. मराठी बायबलात योहान. सोसायटीत एक जॉन आणि एक इव्हान असतील तर एकाच नावाची दोन माणसं आहेत.

हिब्रू आणि अरबी नावांत धातूची तीन व्यंजनं पकडायची, स्वर बदलत राहतात. ह-म-द म्हणजे स्तुती : अहमद, महमूद, हमीद, मुहम्मद. स-ल-म म्हणजे शांती, सुखरूपपणा : सलीम, सलमा, सुलेमान. हिब्रूत तेच श-ल-म होतं. रास्ता पेठेतल्या सिनेगॉगचं, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाचं, नाव सुक्कथ शेलोमो. हा शेलोमो म्हणजे मराठी बायबलातला शलमोन आणि कुराणातला सुलेमान. कोकणातून आलेल्या बेने इस्रायल ज्यूंनी तर या नावांना आपली ‘जी’ची शेपटी लावली. मुंबईतलं १७९६चं सिनेगॉग बांधणारे सॅम्युएल एझिकिएल दिवेकर मराठीत सामाजी हसाजी दिवेकर होते. दिवे आगरचे दिवेकर, आणि नावात दोन हिब्रू संदेष्टे.

रोज तोंडात असलेलं एक नाव सांगते. ससून. ‘ससूनला नेलं’ म्हटलं की घरात शांतता पसरते. पण हिब्रूत ससोन म्हणजे आनंद. बगदादहून आलेल्या डेव्हिड ससून यांच्या वडिलांचं नाव ससोन. वडिलांचं नाव आडनावासारखं लागलं आणि देणगीतून इस्पितळावर गेलं. डेव्हिड म्हणजे लाडका. कॅम्पातलं लाल देऊळ, म्हणजे तिथलं सिनेगॉग, तेही त्यांचंच, १८६७ सालचं.

पारशी-इराणी नावं ही तर आपल्या चुलत घरची. जमशेद म्हणजे अवेस्ता या पारशी धर्मग्रंथातला यिम, ‘तेजस्वी’ हे विशेषण जोडलेला, आणि यिम म्हणजे आपला यम. दोघांच्या वडिलांची नावंही जुळतात : विवंघवंत आणि विवस्वत. खुर्शीदमधला ‘खुर’ आणि संस्कृत ‘स्वर्’, सूर्य, एकाच मुळाचे. मेहेर म्हणजे मित्र देवता. होर्मसजीत अहुर मज्द लपला आहे, आणि हा अहुर म्हणजे आपला असुर. एकाच शब्दाला तिकडे देव्हारा, इकडे शिव्या.

७. सारखं दिसलं म्हणून नातं जुळवू नका

वर सांगितलेलं नातं ध्वनिबदलाच्या नियमाने सिद्ध होतं. संस्कृत अर्जुन म्हणजे शुभ्र, लॅटिन अर्जेंटम म्हणजे चांदी, त्यावरून अर्जेंटिना. हे खरे नातेवाईक. पण ‘माया’ घ्या. संस्कृतात भ्रम, ग्रीकांत हर्मिस देवाची आई, हिब्रूत पाण्यावरून आलेलं नाव. तिघींचा एकमेकींशी काही संबंध नाही. ‘अनीता’ संस्कृतात फोडलं तर ‘न नेलेली’ असं काहीतरी विचित्र हाती येतं. स्पॅनिशमध्ये मात्र ते सरळ आहे : छोटी आना. आना म्हणजे हिब्रू हन्ना, कृपा. ‘सोनिया’त सोनं नाही, ग्रीक सोफिया आहे, म्हणजे शहाणपण, रशियन लाडाने बोलावलेलं. ‘मायरा’ हे सोळाव्या-सतराव्या शतकातल्या एका इंग्रज कवीने कवितेसाठी बनवलेलं नाव.

आणि ‘कियारा’. गेल्या वर्षी हे नाव माझ्याकडे इतक्यांदा आलं की मोजणं सोडलं. इटालियन कियारा म्हणजे उजळ, स्वच्छ, लॅटिन क्लारा. आयरिश किआरा म्हणजे काळी, सावळी. अर्थ एकदम विरुद्ध. कुठली हवी ते आईबापांनी ठरवायचं, आणि आजीने विचारलं तर एकच उत्तर दोघांनी द्यायचं.

यादी तपासायची सोपी रीत : ती भाषा सांगते का बघा. ‘अर्थ : राजकन्या, फूल, देवाचा आशीर्वाद’ असं तीन भाषांतलं कडबोळं एका नावासमोर असेल आणि भाषा लिहिलेली नसेल, तर पान बंद करा.

८. आडनावाला गाव असतंच

‘कर’ लागलं की गाव, हे सगळ्यांना माहीत. जोशी म्हणजे ज्योतिषी. शेवटी ‘नीस’ असेल तर फारसी नवीस, लिहिणारा : चिटणीस, पोतनीस, कारखानीस, फडणीस. ही नावं हुद्द्याची असतात, कुळाची नव्हे. नाना फडणीसांचं आडनाव भानू. पेशवे म्हणजे फारसीत पुढारी. त्यांचं आडनाव भट. फुल्यांचं गोऱ्हे, पेशव्यांकडे फुलं पुरवायचा धंदा, त्यावरून फुले झाले. धंद्याची आडनावं जगभर सारखी. इंग्रजांचा स्मिथ, जर्मनांचा श्मिट, हंगेरीचा कोवाच, अरबांचा हद्दाद आणि इटलीचे फेरारी : सगळे लोहार. लाल गाडी बघून हुरळणाऱ्यांना हे जरूर सांगावं.

९. बाळाचं नाव ठरत असेल तर

जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते. नाव ठरलं नसेल तर घाई नको. नावाशिवाय नोंद होते आणि १२ महिन्यांच्या आत नाव विनाशुल्क घालता येतं, पुढे विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या बाळांच्या सरकारी कागदांवर क्रम असा : बाळाचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. आईचं नाव लावणाऱ्या गौतमीपुत्र सातकर्णी आणि वासिष्ठीपुत्र पुळुमावी या सातवाहन राजांना हा निर्णय कळला असता तर त्यांनी फक्त मान डोलावली असती.

अर्जावर देवनागरी आणि रोमन अशी दोन्ही रूपं स्वतःच्या हाताने, सुट्या अक्षरांत लिहा आणि छापील दाखला हातात पडला की तिथेच उभं राहून वाचा. माझ्या भाचीची ‘मृण्मयी’ एका कार्यालयातून ‘मृन्मई’ होऊन आली आणि ती दुरुस्त व्हायला चार खेपा पडल्या.

शेवटचं : नाव आत्याला आठवडाभर आधी सांगा आणि मोठ्याने म्हणून घ्या. आमच्याकडे ‘हृषीकेश’ ठरलं होतं. आत्या पाळण्यापाशी वाकली, कुर्रर्र झालं, आणि बाळाच्या कानात जे गेलं ते ऋषिकेशच होतं.